उचल

“मॅडम, तुम्ही दुसऱ्याच कोणाचं तरी खातं उघडलंय,” फरशीवाला म्हणाला.

कर्जाच्या टेबलावरच्या मुलीने कॉम्प्युटरचा पडदा त्याच्याकडे वळवला. नाव त्याचंच होतं. पत्ताही त्याचाच. त्याखाली बाकी होती: चोवीस लाख सत्त्याहत्तर हजार.

फरशीवाल्याच्या खिशात साडेसात लाखांचा चेक होता. त्यासाठी त्याने मुदत ठेव मोडली होती आणि दोनपैकी एक कटिंग मशीन विकलं होतं. आज कर्ज मिटवायचं आणि घराचे कागद घेऊनच निघायचं, म्हणून बायकोलाही त्याने बरोबर आणलं होतं. ती शेजारच्या खुर्चीत जरा पुढे सरकून बसली होती, नवी साडी चुरगळू नये अशी.

त्याने वही उघडून टेबलावर ठेवली. ही त्याची उचलीची वही. त्याच्या हाताखालच्या माणसांनी मजुरीवर आगाऊ किती पैसे उचलले आणि दर आठवड्याला किती कापले, ते सगळं तिच्यात होतं. दहा हजार उचलले, दहा हजार कापले, की तो त्या नावावर काट मारायचा. वर व्याजाचा एक पैसाही कधी लावला नव्हता. शेवटचं पान बँकेचं होतं.

“हे बघा. तीस लाख घेतले. सात वर्षांत चौऱ्याऐंशी हप्ते, एकही चुकला नाही. बावीस लाख सदुसष्ट हजार भरले. राहिले सात लाख तेहतीस हजार. तुमच्या खर्चापाण्यासाठी थोडे जास्तच आणलेत.”

मुलगी हसली नाही, याचं त्याला पुढे बरेच दिवस बरं वाटत राहिलं.

“काका, तुमचा पहिला हप्ता सत्तावीस हजारांचा. त्यातले साडेबावीस हजार व्याजात गेले. कर्ज फिटलं ते साडेचार हजार.”

“आणि दुसरा?”

“जवळजवळ तसाच. मुद्दल हळूहळू उतरतं. सात वर्षांत सव्वापाच लाख उतरलंय.”

व्याज असतं हे त्याला माहीत नव्हतं असं नाही. पण शेवटी चार-दोन हप्ते जास्त पडतील, एवढीच त्याची समजूत. त्याने वही मिटली. पुन्हा उघडली. बेरीज बरोबर होती.

“अहो,” बायको हलकेच म्हणाली, “मी तर नोटीस देऊन बसलेय.”

ती इस्पितळाच्या धुलाईखान्यात चादरींना इस्त्री करायची. दिवसभर उभ्याने. पगार आठ हजार. या महिन्याअखेर सुटायचं होतं, त्याच्याच शब्दावर. मैत्रिणींनी वर्गणी काढून भेटही घेऊन ठेवली होती.

मुलीने एक अर्ज पुढे केला. “हे साडेसात लाख भरलेत तरी खूप फरक पडेल. दोन प्रकारे करता येईल. हप्ता आहे तेवढाच ठेवा, म्हणजे सात वर्षं चार महिन्यांत सगळं फिटेल. नाही तर उरलेली तेरा वर्षांची मुदत तशीच राहू द्या, हप्ता आठ हजारांनी कमी होईल.”

“यातलं स्वस्त कुठलं?”

“पहिलं. दुसऱ्यात पावणेसहा लाख जास्त जातील तुमचे.”

“पावणेसहा लाख!” बायकोने पदराने मान पुसली. “मग विचार काय करायचा त्यात? हप्ता आहे तेवढाच ठेवा हो, ताई. मी सांगते सुपरवायझरला, जात नाही म्हणून. सात वर्षं काढलीच ना? आणखी सात निघतील. भेटवस्तू तेवढी परत करावी लागेल.”

ती हसली. फरशीवाल्याचं लक्ष खाली होतं. तिने चपला काढल्या होत्या आणि सुजलेली पावलं बँकेच्या गार फरशीवर टेकवली होती. घोट्यावर चपलेच्या पट्ट्याचा वळ खोल उमटला होता. फरशीचे सांधे सरळ नव्हते, तेही त्याला सवयीने दिसलं.

“पावणेसहा लाख म्हणजे दिवसाचे किती होतात, मॅडम?” त्याने विचारलं. त्याला रोजाचा हिशोब कळायचा.

मुलीने कॅल्क्युलेटरवर आकडे दाबले. “तेरा वर्षांत... सव्वाशेच्या आत-बाहेर.”

“सव्वाशे,” तो म्हणाला. कानावरची पेन्सिल काढून त्याने दुसऱ्या चौकटीत खूण केली.

“अहो, काय करताय!”

“काका, पेनने करावी लागेल. पेन्सिलचं चालत नाही इथे.”

“आम्ही पेन्सिलनेच आखतो. चुकलं तर पुसता येतं.” त्याने मुलीकडून पेन घेतलं आणि तीच खूण वरून गिरवली. मग खाली सही केली, सावकाश, पूर्ण नावाची.

बायकोने अर्ज आपल्याकडे ओढला. शेवटच्या हप्त्याची तारीख तिने दोनदा वाचली. बोटांवर काहीतरी मोजलं.

“तेव्हा तुम्ही एकसष्ट वर्षांचे असाल,” ती म्हणाली. आवाज रागाचा होता, पण हळू. “एकसष्टाव्या वर्षापर्यंत गुडघ्यांवर बसून फरश्या बसवणार आहात?”

“बसवीन की,” त्याने पेन परत केलं. “फक्त मला उठवायला घरात धड पायांचं माणूस लागेल.”