हार उतरणार

"वैनी, आण्णांना बोलवा! उद्या हार उतरणार!" मोटरसायकल स्टँडला लावायच्या आधीच तौसीफनं आरोळी ठोकली.

बनुबाई चुलीपुढून उठल्या नाहीत. "कसला हार?"

"कसला काय इचारताय? मालिकेतला!"

साताऱ्याच्या आसपास शूटिंग लागलं की माणसं पुरवायचं काम तौसीफचं. बनुबाईंचा नवरा केरबा, म्हणजेच आण्णा, त्याचा जुना गडी. वरातीत, मोर्चात, मयताच्या गर्दीत केरबा असायचाच. पण कधी पाठमोरा, कधी नुसता फेटा. नशीब बघा, पडद्यावर कधी नाव आलं नाही की तोंडातून शब्द निघाला नाही. मग एका मालिकेला नायिकेच्या मेलेल्या बापाचा फोटो हवा होता. तौसीफनं केरबाला उसना कोट चढवला, फोटो काढला, एक प्रत त्यालाही दिली. तेव्हापासून केरबा रोज संध्याकाळी घरोघरी दिसू लागला. भिंतीवर, प्लॅस्टिकच्या हारात.

गावाला कौतुक. बनुबाईंच्या अंगाचा मात्र तिळपापड. "जित्या माणसाच्या फोटूला हार घालत्यात व्हय? आग लागू त्या शूटिंगला!" मालिका लागली की त्या उठून बाहेर जायच्या.

केरबा हसायचा. "आगं, हार उतरंल तवाच मला बोलाया मिळंल. बघच तू."

आणि आता खरंच मालिकेतला बाप जिवंत निघणार होता. भरल्या मांडवात उभा राहून चांगलं पानभर बोलणार होता.

"आण्णांचा फोन लागंना, म्हणून लोणंदवरनं पळत आलो," तौसीफ म्हणाला. "हायत कुठं?"

"रानात हायत. आंब्याखाली."

"असल्या उन्हात?"

"तितंच असत्यात आता." बनुबाईंनी ताटात भाकरी आणि वांग्याचं कालवण वाढलं, कडेला बिडीकाडी ठेवली.

"रुसलेत व्हय? मी लय दिवस फिरकलो न्हाई म्हणून?"

"तुमच्या फोनची लय वाट बघितली त्यांनी."

तौसीफ ओशाळला. "चुकलंच माझं. पर तुमी एवढी गोड बातमी द्या, राग कुठल्या कुठं पळंल."

"तुमीच सांगा. माझ्या तोंडून त्यांना खरं वाटायचं न्हाई."

दोघं उसाच्या बांधावरून निघाली. तौसीफ पुढं चालत बापाची वाक्यं म्हणून दाखवत होता. "'पोरी, मी कुठं गेलोच नव्हतो!' शिट्ट्या पडत्याल वैनी, शिट्ट्या!"

बनुबाई ताट सांभाळत मागून येत राहिल्या.

आंब्याखाली कुणी नव्हतं. फरशीचा एक नवा चौथरा होता. त्यावर उसन्या कोटातला केरबा, झेंडूच्या हारात.

तौसीफनं पायातल्या चपला काढल्या.

बनुबाईंनी ताट चौथऱ्यावर ठेवलं. फोटोवरचा हार दोन्ही हातांनी काढला आणि पदरानं काच पुसली.

"आवं, तौसीफभाऊ आल्यात," त्या म्हणाल्या. "हार उतरलाय. बोला आता."