शिवणीच्या आत

कोटाचं बटण आजही लागेना. लग्नानंतर वर्षभरातच धाकटी सून अंगानं सुटत चालली होती, असं सगळे म्हणत. ती अर्ध्या ताटावर आली, तरी कोट आपला घट्टच. वैतागून तिनं तो उलटा केला. जुन्या शिवणीच्या आत नवी शिवण होती, सासूबाईंच्या हातची. पोहून कमावलेलं अंग होतं तसंच होतं; आवळला जात होता तो कोट. शेजारच्या खुंटीवर थोरल्या जावेचा कोट होता. बिचारी हिच्या लग्नाआधीच खंगून खंगून गेली. धाकटीनं तोही उलटा केला. शिवणीच्या आत शिवण, तिच्याही आत शिवण. उरलेला कोट लहान मुलीलाच झाला असता. “जेवायला ये गं,” सासूबाईंनी मायेनं हाक मारली, “तुझं अर्धंच वाढलंय.” तिनं आपल्या कोटाचा पहिला टाका दातांनी तोडला. “भरून वाढा, आई.” स्वयंपाकघरात पळीचा आवाज थांबला.