मावशीचं उत्तर

रेडिओवाल्या नील्सने माइक पुढे केला तेव्हा सुन्नाच्या हातात रेनडिअर पकडायचा दोरीचा फास होता, आणि तिने तो मुद्दामच खाली ठेवला नाही. रेडिओवर फास दिसत नाही, पण नील्स फोटोही काढायचा.

"डॉक्टरबाई, एवढा मोठा शोध लागला कसा?"

कुंपणात रेनडिअरचा कळप गोल गोल फिरत होता. सुन्ना सराईतपणे बोलू लागली. भर हिवाळ्यात पाऊस पडला की बर्फावर काच चढते आणि खालचं शेवाळ कळपाला मिळत नाही. अशा वेळी कळप दांडग्या नरामागे जात नाही, सगळ्यांत वयस्कर मादीमागे जातो. झाडांना लोंबणारं शेवाळ कुठल्या रानात आहे, ते तिला आठवत असतं. सहा वर्षं माद्यांच्या गळ्यात माग दाखवणारे पट्टे बांधून सुन्नाने हे सिद्ध केलं होतं. याच शोधावर सोमवारी विद्यापीठ तिला प्राध्यापक करणार होतं.

पट्टे तिचे होते, एवढं खरं. बाकी सगळं बिरेत मावशीचं. मावशीच्या स्नोमोबाइलवर मागे बसून तिने ते पहिल्याच हिवाळ्यात ऐकलं होतं. अशा चार माद्यांची नावंसुद्धा मावशीने सांगितली होती. प्रबंधात मात्र 'लेखिकेचे निरीक्षण' असं छापून आलं, आणि शेवटच्या पानावर स्थानिक पशुपालकांचे आभार. मावशीचं नाव घालायचं राहून गेलं, असं सुन्ना स्वतःला सांगत आली होती. राहूनबिहून काही गेलं नव्हतं. तिने ते लिहून खोडलं होतं.

मावशी चार पावलांवर पिल्लाला गुडघ्याखाली दाबून त्याच्या कानावर घरची खूण कापत होती. नील्स तिच्याकडे वळला.

"बिरेतकाकू, तुम्ही जन्मभर कळपामागे. तुम्हाला हे आधीपासून ठाऊक असणार की."

सुन्नाला वाटलं, आता सगळं गेलं. खरं सांगायचं तर त्या क्षणी तिला मावशीचाच राग आला.

मावशीने सुरी बुटाला पुसली आणि भाचीकडे एकदा पाहिलं. तिने प्रबंध वाचलाय, हे सुन्नाला त्या नजरेवरून कळलं. नजरेत राग नव्हता. असता तर बरं झालं असतं.

"मला कसलं ठाऊक, बाबा," मावशी म्हणाली. "आम्ही अडाणी माणसं, रेनडिअर नेतील तिकडे जाणार. हे सगळं या पोरीनेच शोधलं. एवढं डोकं आमच्या घरात दुसऱ्या कुणाला नाही. आता सरक बाजूला, दोरीवर उभा आहेस."

नील्स हसला आणि त्याने माइक बंद केला. सुन्ना वाचली होती. शरमेने तिचे कान तापले होते, आणि मावशी पाठ फिरवून दुसरं पिल्लू ओढत होती.

"नील्स, तो माइक परत चालू कर."

"सोमवार आहे ना तुझा? गप बस," मावशी मागे न पाहताच पुटपुटली.

"चालू कर," सुन्ना म्हणाली. "मावशी खोटं बोलली."