नदीला शपथ कोण देणार?

“तुम्ही साफ खोटं बोलताय!”

स्वयंपाकघरातून आम्रपालीचा आवाज आला आणि हॉलमध्ये हिराबाईंनी डोळेच मिटून घेतले. झालं. गेलं हेही स्थळ.

सकाळपासून त्यांनी लेकीला एकच गोष्ट पढवली होती. बाई गं, आज वाद घालायचा नाही. वकील तू शिवाजीनगरला, कोर्टात. खराडीतल्या या घरात फक्त हसायचं, पोहे द्यायचे आणि विचारलं तेवढंच सांगायचं. आधीची स्थळं आम्रपालीच्या तोंडामुळेच परतली होती. एकाने तर जाताना जिन्यात तिच्या वडिलांना, सुखदेवरावांना, विचारलं होतं, “घरी बोलायची पण फी घेते का हो?” या वेळी मात्र आम्रपालीने मनापासून कबूल केलं होतं. फोटोतला तो उन्हात रापलेला मुलगा तिला आवडला होता. खरंच आवडला होता. तिने आईला सांगितलं नव्हतं, पण आईला कळायचं थोडंच राहतं.

सुरुवात तर दृष्ट लागावी अशी झाली. कात्रजहून रोहन आणि त्याची आई आले. जय भीम झाला, पाणी झालं. सुखदेवरावांनी प्रवासाचं विचारलं, उत्तर रोहनच्या आईने दिलं. शिक्षणाचं विचारलं, तेही आईनेच सांगितलं: भूशास्त्रात एम.एस्सी. चहात साखर किती, हेसुद्धा आईच बोलली. रोहन आपला बशीतल्या पोह्यांकडे बघत बसलेला. काय बाई आहे, पोराला तोंड उघडू देत नाही, हिराबाईंच्या मनात आलं. पण लेकीला शिकवलेलं स्वतःलाही पाळायला हवं ना!

“पण तुमचं काम नेमकं काय असतं?” सुखदेवरावांनी आता थेट रोहनलाच गाठलं.

आई सांगणार, तेवढ्यात तो पुटपुटला, “वाघोलीच्या पुढे नदीकाठी जातो. गाळाचं डिपॉझिशन, म्हणजे तो कसा साचतो ते बघतो.”

आम्रपालीने ओठ दाबले. ट्रे घट्ट धरला. अगदी शर्थ केली बिचारीने. पण आठवडाभर साक्षीदारांची डिपॉझिशन्स ऐकून कान किटलेल्या वकिलाने सोसायचं तरी किती?

“अहो, डिपॉझिशन साक्षीदाराचं असतं,” ती म्हणाली. “नदीला शपथ कोण देणार?”

रोहनने पहिल्यांदाच मान वर केली. “नदीला शपथ लागत नाही. ती जे मागे टाकते ते खरंच असतं.”

“सगळे साक्षीदार असंच म्हणतात.”

“साक्षीदार फिरतात. गाळ एकदा बसला की बसला.”

“उलटतपासणीत गाळही ढवळता येतो!”

हिराबाईंनी लेकीला चिमटा काढला. तो गडबडीत सुखदेवरावांना बसला. त्यांना काय बुद्धी झाली कोण जाणे, मिटवामिटवी करायची म्हणून त्यांनी मोबाईलवर शब्दकोशात ‘डिपॉझिशन’ शोधलं. साक्ष निघाली. गाळही निघाला. मग तिसरा अर्थ निघाला, राजाला गादीवरून खाली खेचणं. “अरे, हे तर माझं झालं, ऑफिसात, निरोप समारंभाच्या दिवशी!” म्हणत ते मांडीवर थाप मारून हसले. हिराबाईंनी त्यांच्याकडे असं पाहिलं की ते तिथल्या तिथे परत एकदा रिटायर झाले.

घात केला तो चौथ्या अर्थाने. वाफेचं पाणी न होता थेट बर्फ होणं. असं काही नसतंच, आम्रपाली म्हणाली. असतं, तुमच्या फ्रीजरमध्येही असेल, रोहन म्हणाला. दाखवा मग. चला. हिराबाई “अगं, फ्रीजर नको गं!” म्हणेपर्यंत दोघं आत पोहोचलीसुद्धा. त्या फ्रीजरमध्ये गेल्या दिवाळीपासूनचा बर्फाचा डोंगर साचला होता. पाहुण्यांच्या मुलाने आपल्या घरचा फ्रीजर बघावा! हिराबाईंना धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं.

आत मटारची पिशवी धपकन ओट्यावर पडली. चमच्याने बर्फ खरवडल्याचा करकर आवाज आला.

“हे नुसतं पाणी गोठलंय!”

“पाणी असं भुसभुशीत गोठत नाही. चाखून बघा!”

“पुरावा मी का चाखू? तुम्ही चाखा!”

“घाबरताय तुम्ही!”

“आणि तुम्ही साफ खोटं बोलताय!”

डोळे उघडून हिराबाईंनी बघितलं, तर रोहनच्या आईने तोंडाला पदर लावलेला. खांदे गदगदा हलत होते. सुखदेवराव छताच्या पंख्याकडे बघत होते, जणू तो नवीन बसवलाय.

“माफ करा हो,” हिराबाई कशाबशा म्हणाल्या. “पोरगी मनाने फार चांगली आहे. जिभेला हाड नाही एवढंच. थांबा, आत्ता गप्प करते तिला.”

त्या उठल्या. रोहनच्या आईने चटकन त्यांचा हात धरला आणि त्यांना खाली बसवलं. तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती हसत होती.

“नका हो ताई,” ती म्हणाली. “त्याचे बाबा गेल्यापासून त्याची सगळी उत्तरं मीच देत आलेय. आज किती वर्षांनी भांडतोय तो. भांडू द्या.”