डेस्मंडकाका मरत नाहीत

डेस्मंडकाका इंग्लंडमधले नट. टीव्हीवरच्या रहस्यमालिकांमध्ये त्यांनी जन्मभर छोटी कामं केली आणि प्रत्येकात सुरुवातीलाच त्यांचा खून झाला. म्हातारपणी अमेरिकेत नेपरव्हिलला मुलीकडे राहायला आले. शेजारच्या शैलजानं मराठी मंडळाच्या स्वातंत्र्यलढ्यावरच्या नाटकात त्यांना गोरा कलेक्टर केलं. पहिल्याच प्रवेशात क्रांतिकारक झालेल्या यतीननं गोळी झाडली. काका हललेच नाहीत. यतीननं पुन्हा झाडली. काकांनी कोटावरची धूळ झटकली. विंगेतून शैलजा कुजबुजली, "काका, प्लीज, मरा ना!" काका तिच्याकडे सरकून इंग्रजीत म्हणाले, "पहिल्या रांगेत माझी नात बसलीय. तिनं मला पडद्यावर कधी जिवंत पाहिलेलंच नाही."  शैलजानं यतीनला खुणेनंच थांबवलं आणि स्टेजवर चहा पाठवला. काका खुर्चीत ऐसपैस बसले, नातीनं शिट्टी मारली, आणि त्या संध्याकाळी नेपरव्हिलमध्ये भारत अर्धा तास उशिरा स्वतंत्र झाला.