बिनशिवणीचा राक्षस

राक्षसाने डावा पंजा वर केला, तेव्हा हेस्टर क्रॅडॉक पाहुण्यांच्या हातात चहाचा कप देत होती.

लंडनमध्ये बाहेर हिवाळा होता आणि स्टुडिओत, चंद्राच्या लाकडी सेटवर, मोठ्या दिव्यांची भट्टी पेटलेली. त्या भट्टीत सकाळपासून उभा होता हेस्टरचा दलदलीतला राक्षस. हिरवा, खवल्याखवल्यांचा, सगळा रबराचा. टीव्हीवरच्या अंतराळ मालिकांसाठी कपडे बेतण्यात तिची उमेदीची वर्षं गेली होती. जुन्या गालिच्यांचे आणि साबणाच्या रिकाम्या बाटल्यांचे परग्रहवासी करून करून ती विटली होती. प्रत्येकाच्या पाठीला चेन असायची, आणि दर शनिवारी घरोघरची पोरं त्या चेनकडे बोट दाखवून हसायची. या राक्षसाला तिने चेन ठेवलीच नाही. आत माणूस घालायचा आणि पाठ चिकटवून टाकायची.

आतला माणूस म्हणजे विल्फ टॅटरसॉल, सत्तरीकडे झुकलेला, एके काळी सर्कशीतला विदूषक. सकाळी पाठ चिकटवताना त्याने विचारलं होतं, "आत घालतेस ते ठीक आहे, पोरी. पण बाहेर कोण काढणार?"

"मीच की. आतून तुमचा आवाज यायचा नाही. डावा पंजा वर करा, असेन तिथून पळत येईन."

"मग डावीकडेच लक्ष ठेव. उजवा हात संधिवाताने कधीच बाद झालाय."

आणि आता डावा पंजा वर होता.

पाहुणे मिस्टर व्हॅन्डरकूक हे अमेरिकेतल्या एका बड्या वाहिनीचे. नव्या मालिकेसाठी पोशाखांचा प्रमुख निवडायला आलेले. कॅलिफोर्नियातलं ऊन, हाताखाली शिंप्यांची फौज, आणि साबणाच्या बाटल्यांपासून कायमची सुटका. निर्माता ड्युडली त्यांना आत आणताना हेस्टरच्या कानाशी पुटपुटला होता, "आजचा दिवस तोंड गोड ठेव, बाई. नशीब दारात आलंय."

व्हॅन्डरकूक राक्षसाभोवती फिरले. त्याच्या पाठीवरून त्यांनी नख ओढत नेलं.

"शिवण कुठाय?"

"नाहीच," हेस्टर म्हणाली.

"नाहीच? कमाल आहे तुमची."

पंजा पुन्हा वर गेला. या वेळी तो थरथरत होता. ड्युडली हसला. "बघा, तुम्हाला सलाम ठोकतोय."

हेस्टर जागची हलली नाही. पाठ एकदा उघडली की पुन्हा चिकटवायला अर्धा दिवस, आणि पाहुण्यांचं विमान संध्याकाळचं. पाहणी आटपेलच आता, असं तिने मनाला बजावलं आणि हसत राहिली.

मग राक्षसाच्या घोट्याशी, खवल्यांच्या फटीतून, काहीतरी पाझरू लागलं. पिवळट, मध्येच दुधाळ गुठळ्या. चंद्राच्या रंगवलेल्या मातीवर त्याचं थारोळं साचलं.

"हे मात्र अफलातून आहे," व्हॅन्डरकूक म्हणाले. ते खाली वाकले, त्यात बोट बुडवलं आणि अंगठ्याशी चोळून पाहिलं. "कोमटसुद्धा ठेवलंय. वासही अगदी दलदलीचा. कसं जमवलंत हो?"

"हेस्टर कशातच कसर ठेवत नाही," ड्युडली म्हणाला.

हेस्टरला तो वास ओळखू आला. नटांच्या घामेजल्या कपड्यांत स्वस्त व्होडका फवारून दुर्गंधी मारणं हे तिचं रोजचंच काम, तिला कशाचाच विटाळ उरला नव्हता. घाम, मूत, ओकारी, सगळं तिने हाताने धुतलं होतं. तिला शिसारी आली ती त्या चोळणाऱ्या बोटांची. त्याहून ड्युडलीच्या हसण्याची. आणि सगळ्यात जास्त, स्वतःच्या तोंडावर अजून तसंच चिकटून बसलेल्या गोड हसण्याची.

पंजा खाली पडला, झोपेत पोराचा हात घसरावा तसा.

कप तिथेच टाकून ती धावली. कमरेची मोठी कात्री उपसली, राक्षसाच्या मानेखाली बोटं खुपसली आणि पाठ उभी फाडत नेली.

"अगं, डोकं फिरलं का तुझं?" ड्युडली ओरडला. "किती महिन्यांचं काम आहे ते!"

"माणूस आहे आत," हेस्टर म्हणाली.

विल्फ तिच्या अंगावरच कोसळला. चिंब भिजलेला, ओठ निळे, हनुवटीवर ओकारी. ती त्याच घाणीत फतकल मारून बसली आणि त्याचं डोकं तिने मांडीवर घेतलं. बराच वेळ तो नुसता श्वास ओढत होता.

"माफ कर, पोरी," डोळे मिटूनच तो म्हणाला. "तुझा नवा पोशाख घाण केला मी."

तिने बाहीने त्याचं तोंड पुसलं.

मागे व्हॅन्डरकूक रुमालाला बोटं पुसत उभे होते. विल्फकडे त्यांचं लक्षच नव्हतं. जमिनीवर पडलेल्या त्या हिरव्या, फाटलेल्या पाठीकडे ते हळहळून बघत होते.

"अरेरे," ते म्हणाले, "आता शिवण दिसणार."