आधी टोपी, मग नाव

दारात दोन पोलीस उभे होते आणि दोघांच्याही डोक्यावर टोप्या तशाच होत्या. लुत्स ओस्टमानला आधी खटकलं ते हेच. एक धिप्पाड पुरुष, एक तिशीची बाई. 'पाठवले वाटतं यांना,' असं मनाशी म्हणत तो गालातल्या गालात हसला. सकाळपासून त्याच्या चेहऱ्यावर हसू असं आलंच नव्हतं.

सकाळी टपालानं टीव्ही वाहिनीचं पत्र आलं होतं. रविवारच्या गुन्हेमालिकेत बावीस वर्षं त्यानं हवालदार पोलचं काम केलं. आता पोलची बदली झाली होती, उत्तरेला कुठेतरी. निरोपाचा प्रसंग नाही, साधी गोळी लागून मरणंसुद्धा नाही. नव्या भागात कुणीतरी म्हणणार, पोल गेला बदलून, आणि गोष्ट पुढे चालू. खऱ्या हवालदाराला निदान बढती तरी मिळते.

आणि काम तरी काय होतं? दारं. खून झाला की पोलनं मेलेल्याच्या घरची घंटा वाजवायची, टोपी काढायची आणि विचारायचं, "आम्ही आत येऊ का?" लगेच कॅमेरा दार उघडणाऱ्याच्या तोंडावर. पोलची नुसती पाठ. अर्ध्या जर्मनीनं ती पाठ पाहिली होती. चौकशी, पाठलाग, कबुलीजबाब, सगळं मुख्य निरीक्षकाच्या ताटात पडायचं.

दार उघडायला येणाऱ्या पाहुण्या नटांवर तर त्याचा विशेष राग होता. मिळालेली दोन मिनिटं ते दारातच ताणायचे. ऐकूच आलं नाही असं दाखवायचे, पुन्हा पुन्हा विचारायचे, चौकट धरून उभे राहायचे. घरी आला की लुत्स फणफणायचा, इतका वेळ दार अडवून कोण उभं राहतं? बाजूला व्हा, मला आत येऊ द्या आणि संपवा एकदाचं.

एल्के, त्याची बायको, हे सगळं निमूट ऐकून घ्यायची. आजही तिनं पत्र वाचलं, घडी घालून ठेवलं आणि चारच्या कॉफीसाठी टेबलावर दोन बशा मांडल्या. कोपऱ्यावरच्या बेकरीतून आलुबुखाराचा केक घेऊन ये म्हणाली. लुत्सनं साफ नकार दिला. त्याला पाहिलं की बेकरीवाली "आत येऊ का?" म्हणायची आणि रांगेतले सगळे खो खो हसायचे. आज ते त्याला सोसलं नसतं.

"प्रेमानं चिडवतात रे ते," एल्के म्हणाली. "इतकी वर्षं तू लोकांच्या दारात उभा राहिलास. ते काय थोडं झालं?"

"तुला काय कळतंय त्यातलं," तो खेकसला.

ती उठली. कापडी पिशवी घेतली, सायकल काढली आणि स्वतःच गेली. तिला जाऊन आता तास होत आला होता, कॉफी निवून गेली होती आणि लुत्सला त्याचाही राग आला होता.

तेवढ्यात घंटा वाजली आणि हे दोघे दारात उभे. मालिकेतल्या मंडळींची ही रीतच होती. कुणी सोडून चाललं की त्याच्या घरी खोटे पोलीस धाडायचे आणि गुपचूप शूटिंग करायचं. गेल्या वर्षी शवविच्छेदनवाल्या डॉक्टरबाईंना बेड्या घालून थेट हॉटेलात जेवायला नेलं होतं. म्हणजे आपल्याला विसरले नाहीत तर. लुत्सला बरं वाटलं. समोरच्या कुंपणात कॅमेरा कुठे दडवलाय, ते तो नजरेनं शोधू लागला.

"आपण लुत्स ओस्टमान ना?" बाईनं विचारलं. तिचा आवाज कापत होता.

"चुकलं," लुत्स म्हणाला. "आधी टोपी, मग नाव."

दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. पुरुष चाचरत काही सांगू लागला, पण लुत्सनं हात वर करून त्याला गप्प केलं. बाईंचं वाक्य आहे, त्यांनाच बोलू द्या म्हणाला. त्याला आता रंग चढला होता. बावीस वर्षांत कुणी त्याला एक गोष्ट विचारली नव्हती, आज तो शिकवत होता, आणि तेही कॅमेऱ्याकडे तोंड करून. बाईनं टोपी काढली. पुन्हा नाव विचारलं, पण नजर पायपुसण्यावर.

"खाली नाही बघायचं. समोरच्याच्या डोळ्यांत बघायचं," लुत्स म्हणाला. "आणि बातमी दारात कधीच सांगायची नाही. आधी आत जायचं, त्यांना खाली बसवायचं. मग सांगायचं."

"हो," ती हळूच म्हणाली. "आम्हालाही तसंच शिकवलंय."

तिनं मान वर केली. डोळे लाल होते, आत्ता झालेले नव्हते, बऱ्याच वेळाचे. लुत्सनं रडणाऱ्या नट्या पुष्कळ पाहिल्या होत्या. त्यातल्या एकीनंही रडू असं परतवून धरलं नव्हतं. त्याची नजर तिच्यावरून सरकली आणि पुरुषाच्या हातावर गेली. त्या हातात एक कापडी पिशवी होती. तिच्या तळाशी आलुबुखाराचा जांभळा डाग पसरत चालला होता.

"आम्ही आत येऊ का?" बाईनं विचारलं.

टोपी काखेत, नजर समोर, आवाज चढा नाही की पडलेला नाही. लुत्सला स्वतःला ते वाक्य इतकं अचूक कधीच जमलं नव्हतं.

त्यानं दोन्ही हातांनी चौकट घट्ट धरली.

"चुकलं," तो म्हणाला. "पुन्हा पहिल्यापासून घ्या."